परंपरेला तारीख नाही

ज्या गोष्टींना आपण लवकरच नामशेष होणार आहोत याची सुतराम कल्पना नसते, अशा गोष्टींच्या उशाशी जाऊन बसावे आणि त्यांचे अखेरचे बोल टिपून घ्यावेत, हा माझा व्यवसाय आहे. मागच्या पिढीत यास अनुबोधपट काढणे म्हणत. हल्ली माहितीपट काढणे म्हणतात. त्यातला बोध कधी गेला ते माझ्या पत्नीने बरोबर हेरले आहे, कारण ती म्हणते तो आमच्या लग्नाच्या सुमारास गेला. "आईंचा पाटा-वरवंटा जागा अडवतो म्हणून तुम्हीच भंगारवाल्याला दिलात," असे तिने मला एकदा ऐन जेवणाच्या पानावर सुनावले, "आणि आता पाचशे किलोमीटर जाऊन दुसऱ्याच्या सासूचा पाटा-वरवंटा तीन कोनांतून टिपून आणता!" यावर, आपल्या पाट्यास सांस्कृतिक संदर्भ नव्हता, असे उत्तर मी दिले, आणि त्या रात्री चटणी मिळाली नाही.

तर अशा या व्यवसायाच्या ओघात, सिंधुदुर्गातील दशावतार हा लोककलेचा प्रकार आता मरणपंथास लागला असून त्याचे तातडीने जतन झाले पाहिजे, अशा आशयाची दरखास्त मी एका संस्थेकडे तीन प्रतींत रुजू केली. अर्जाच्या अकराव्या रकान्यात 'सदर परंपरा अंदाजे किती वर्षांत लुप्त होईल?' असा प्रश्न होता. मी विचारपूर्वक 'दहा' असे लिहिले. दोन दिवसांनी संस्थेच्या दप्तरातून एका सद्गृहस्थाचा फोन आला. ते अत्यंत मार्दवाने म्हणाले, "साहेब, पाचाच्या आत असेल तर प्राधान्य मिळतं." मी तत्क्षणी चार वर्षे केली. वेद पळवणाऱ्या शंखासुरासही जे साधले नव्हते ते मी एका फोनवर साधले, कारण दशावताराच्या आयुष्यातली सहा वर्षे मी जागच्या जागी छाटून टाकली होती.

हा खेळ श्यामजी नाईक काळे यांनी १७२८ साली कर्नाटकातून कोकणात आणला असे सांगतात. परंतु दशावतारी खेळात स्त्रीवेष घेऊन नाचणाऱ्या पुरुषांचा उल्लेख समर्थांच्या दासबोधात त्याच्याही आधी येऊन गेलेला असल्यामुळे, आणणाऱ्याच्या अगोदरच खेळ येऊन पोचला होता असे मानणे भाग पडते, आणि कोकणातल्या माणसांचा स्वभाव पाहता यात अशक्य असे काही नाही. ते कसेही असो. विष्णुदास भाव्यांनी १८४३ साली सांगलीस 'सीतास्वयंवर' उभे केले आणि मराठी रंगभूमीचे बारसे झाले, तेव्हा ज्या खेळाचे शतक उलटून गेले होते, त्याला मी माझ्या अधिकारात चार वर्षांची मुदत दिली. मंजुरी आली. पहिला हप्ताही आला.

खरे म्हणजे कुडाळाजवळच्या पिंगुळीत ठाकर मंडळींच्या चित्रकथीवर आणि कळसूत्री बाहुल्यांवर माझा प्रथमपासून डोळा होता. पण तेथील परशुराम गंगावणे यांना २०२१ साली पद्मश्री मिळाल्यापासून त्या कलेला माझ्या संरक्षणाची तितकीशी निकड उरलेली नाही, हे मलाही मान्य करावे लागले. लोप पावणाऱ्या वस्तूने असे सन्मान स्वीकारू लागणे आमच्या धंद्याला मारक ठरते.

कुडाळ आणि वेंगुर्ले यांच्या दरम्यानच्या एका गावी मी नाटक कंपनीच्या मॅनेजरांची गाठ घेतली. ते अंगणात बसून सुपारी कातरीत होते. मी आवाजात योग्य तेवढे कारुण्य आणून विचारले, "आपला प्रयोग चित्रित करायचा होता. कधी... म्हणजे अजून होतात ना प्रयोग?"

मॅनेजरांनी उशाखालची वही काढली, जिभेला बोट लावून पाने उलटली आणि मान हलवली. "शिमग्यापर्यंत एकय तारीख रिकामी नाय ओ. मधी एक अमावास्या आसा, पण त्या रातीक पोरां झोपतत."

मरणोन्मुख रुग्णाच्या समाचारास जावे आणि त्याने आतून 'या आठवड्यात सवड नाही' असा निरोप धाडावा, तशी माझी अवस्था झाली. कार्तिकी पौर्णिमा उलटली की या मुलखात गावोगावच्या जत्रा सुरू होतात, रोज रात्री कोठल्या ना कोठल्या देवळापुढे खेळ उभा राहतो, आणि मुंबईचे चाकरमानी कचेरीत आजोबांना दर वर्षी नव्याने आजारी पाडून त्यासाठी रजा काढतात, हा सगळा तपशील मला त्या वहीने पाच मिनिटांत शिकवला. माझ्या चेहऱ्यावरची निराशा पाहून मॅनेजर कळवळले. त्यांचा गैरसमज झाला असावा, कारण त्यांनी मला धीर दिला, "काळजी करू नका. जत्रेत येवा, होया तितक्या शूटिंग करा. फक्त सांगा, साधा नाटक होया काय ट्रिकसीन?"

"ट्रिकसीन म्हणजे?"

"धूर येता, नाग फणा काढता, मुंडक्या उडता. मुंबैत लोक ताच मागतत."

मी घाईघाईने साधे मागितले. संस्थेस नाग चालला असता. धूर चालला नसता.

त्यानंतर परवानग्यांचे पर्व आले. देवस्थानाचे विश्वस्त, गावकर, बारा-पाचाचे मानकरी आणि ज्यांच्या दारातून विजेची तार न्यावयाची ते एक चुलत-चुलत भाऊबंद, अशा सर्वांची संमती मिळण्यास तीन आठवडे लागले. देवाची संमती मात्र पाऊण तासात मिळाली. गुरवाने रवळनाथाच्या मूर्तीला फुलांच्या पाकळ्या ओल्या करून लावल्या, उजवी पडली तर होकार आणि डावी पडली तर नकार असे मला समजावले, आणि आम्ही सारे श्वास रोखून बसलो. दहा मिनिटे झाली, वीस झाली. एकही पाकळी हलेना. "देव इचार करता," गुरव कुजबुजला. मग त्याने मागे वळून मला एक अत्यंत व्यवहारी प्रश्न केला, "लायटी मोठ्या लावतल्यात काय?" मी लहान लावीन असे कबूल केले मात्र, उजवीकडची पाकळी टप्पकन खाली आली. विश्वस्तांना जे त्यांच्या तीन बैठकांत सुचले नव्हते ते देवाला बरोबर सुचले होते.

कौल झाल्यावर गाऱ्हाणे झाले. गावकरांनी हात जोडून, डोळे मिटून, खणखणीत आवाजात देवापुढे माझी कैफियत मांडली. ह्या मुंबैवाल्याने जो काय मशिनीचा खटाटोप मांडला आहे तो सुरळीत पार पडो, त्याच्या मशिनीत काय वाकडे-नाकडे शिरले असेल ते दूर होवो, अशी मालवणीतून मागणी चालली होती आणि प्रत्येक मागणीला भोवतालची मंडळी "व्हय म्हाराजा!" असा रुकार देत होती. इथपर्यंत मी सद्गदित होतो. परंतु पुढचे वाक्य आले, "आणि तेचो दुसरो हप्तो येळेर गावांदे!", आणि साऱ्या गावाने एकमुखाने "व्हय म्हाराजा!" म्हटले, तेव्हा मला स्मरले की हप्त्याची गोष्ट मी सकाळी फक्त चहावाल्याजवळ बोललो होतो.

आता जतन करावयाचे म्हणजे ती वस्तू आधी जुनी दिसली पाहिजे. या बाबतीत आमच्या धंद्याचा शिरस्ता फार पूर्वीच पडलेला आहे. रॉबर्ट फ्लॅहर्टी या गृहस्थाने १९२२ साली उत्तरेकडील इनुइट लोकांवर 'नानूक ऑफ द नॉर्थ' नावाचा जगप्रसिद्ध अनुबोधपट काढला, तेव्हा बर्फाच्या घरात कॅमेऱ्यापुरता उजेड पडेना म्हणून त्याने अर्धेच घर बांधून घेतले आणि त्या बिचाऱ्या कुटुंबास उघड्यावर, जणू काही घरातच आहोत अशा थाटात, झोपण्या-उठण्यास लावले. शिवाय ते लोक बंदुका वापरू लागले होते, तरी शिकार भाल्यानेच करवून घेतली. इतका थोर आदर्श पाठीशी असल्यावर मी प्लॅस्टिकच्या लाल खुर्च्या हटवा असे सांगितले तर त्यात वावगे काय झाले? गावकरांनी बिनतक्रार दोनशे खुर्च्या उचलवल्या, चटया पसरल्या आणि विचारले, "तुमी खंय बसतल्यात?" मला पाठीचे दुखणे आहे. तेव्हा त्या अस्सल प्राचीन प्रेक्षागारात लाल प्लॅस्टिकची एकच खुर्ची उरली, आणि पुढे चित्रण पाहताना असे आढळले की ती जवळपास प्रत्येक दृश्यात आहे.

खुर्च्यांनंतर मी ट्यूबलाइटींकडे वळलो. पेट्रोमॅक्सच्या प्रकाशात खेळ व्हावा असा आग्रह मी धरला. चार घरांचे माळे धुंडाळल्यावर एक पेट्रोमॅक्स मिळाली. तिची जाळी मात्र मिळेना. कुडाळच्या बाजारातल्या दुकानदाराने मला नखशिखान्त न्याहाळले आणि, "ह्या आता कोण मागता, सायबांनू?" असे म्हणून शेजारच्या दुकानदारास मला पाहण्यासाठी हाक मारली. अखेर गावच्या वायरमनने तोड काढली. त्याने पेट्रोमॅक्सच्या काचेआड एक एलईडी दिवा बसवला, तार मागून नेली, आणि वर, "अस्सल दिसता का नाय?" असेही विचारले. दिसत होते. फ्लॅहर्टीचे अर्धे घर आणि माझी ही बत्ती यांच्यात साम्य आहे, असे मी त्या रात्री रोजनिशीत अभिमानाने नोंदले आहे.

जत्रेच्या दिवशी दुपारी पोरे झोपेतून उठली की तासभर युद्धाचे स्वतंत्र चित्रण करू द्यावे, ही माझी विनंती मॅनेजरांनी मान्य केली होती. दशावतारात लिखित संहिता नसते, ही गोष्ट मी माझ्या दरखास्तीत 'मौखिक परंपरेचे अद्वितीय वैशिष्ट्य' अशा शब्दांत गौरवली होती. आख्यानाचा आराखडा तेवढा ठरतो, आणि मग प्रत्येक पात्र आपापल्या बुद्धीप्रमाणे जागच्या जागी बोलत जाते. हे वैशिष्ट्य लिहावयास फार गोड आहे.

दैत्य पहिल्यांदा मेला तो अप्रतिम मेला. पायपेटीने सूर धरला, मृदंग घुमला, विष्णूच्या तलवारीखाली तो गरगरत बाकड्याशी आला (हेच बाकडे राजाचे सिंहासन, हेच वनातली शिळा आणि हाच राणीचा पलंग), आणि जन्ममरणाविषयी असे काही बोलून कोसळला की आमच्या ध्वनिमुद्रकाने डोळे पुसले. दुर्दैवाने ऐन त्या क्षणी चौकटीत एक शेळी आली होती.

"फार सुरेख," मी म्हणालो. "आता पुन्हा एकदा मरा. अगदी तसेच बोला."

दैत्य उठून बसला. "पयल्यांदा काय बोललंय ता माका खंय आठवता? ता त्या येळचा होता." थोडा विचार करून त्याने शास्त्राधारही दिला, "आणि दैत्य एकदाच मरता ओ."

तरी माणूस भिडस्त, मेला. म्हणजे मरावयास निघाला. परंतु वाटेत त्याला मायेविषयी एक शंका आली, ती त्याने विष्णूस विचारली, विष्णूस तिचे समर्पक उत्तर सुचले, त्यावर दैत्यास प्रतिप्रश्न सुचला, आणि बावीस मिनिटे हा वाद इतका रंगला की मारणारा आणि मरणारा दोघेही आपण कशासाठी जमलो आहोत ते विसरले. कॅमेऱ्याची बॅटरी संपली. तिसऱ्या खेपेस दैत्याने भक्त आणि भगवंत यांच्यासंबंधी असा बिनतोड सवाल टाकला की विष्णू निरुत्तर झाला. भोवती जमलेली पंधरा पोरे आणि दोन म्हाताऱ्या उघड उघड दैत्याच्या बाजूच्या झाल्या. आणि भगवंताने तलवार बाकड्यावर ठेवून, "चाय घेवया," असे म्हणून प्रसंग मिटवला. माझ्याजवळच्या चित्रणात, सबब, दैत्य विजयी आहे.

हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनी १८९९ साली मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये एका कुस्तीचे चित्रण केले आणि या देशातल्या अनुबोधपटाचा पाया घातला. पण चीत झालेल्या मल्लास त्यांनी 'पुन्हा एकदा चीत व्हा' असे सांगितल्याचे कोठे वाचनात आलेले नाही. दादासाहेब फाळके तर त्यांच्याहून धोरणी. त्यांनी १९१२ साली वाटाण्याच्या रोपट्याची वाढ चित्रित करून कामास आरंभ केला. वाटाणा शंका विचारीत नाही.

रात्री रंगपटात गेलो तेव्हा मात्र, इतके चुकूनमाकून का होईना, पाहावेसे काही पाहावयास मिळाले. रंगपट म्हणजे देवळामागची पडवी. प्रत्येक नट आपापल्या ट्रंकेच्या झाकणावर बसलेला, गुडघ्यांच्या बेचक्यात हाताएवढा आरसा, शेजारी सफेदा आणि कुंकू यांच्या पुड्या. स्त्रीपार्टी करणारा गृहस्थ दिवसा गवंडीकाम करीत असे. त्याच्या नखांच्या कडांना सिमेंट बसलेले होते आणि त्याच बोटांनी तो गालांवरून रंगाचा हात इतक्या हलक्याने फिरवीत होता की दाढीचे खुंट एकेक करून मावळत गेले. मग झावळीचा हीर काजळात बुडवून त्याने श्वास धरला आणि एका रेघेत भुवई ओढली. दुसरी ओढणार तोच फोन वाजला. गाय व्यायली होती. "पाडो काय पाडी?" असे त्याने अर्ध्या चेहऱ्याने विचारले, पाडी म्हणताच तो हसला, आणि त्या हसण्यात एक भुवई राणीची व एक गवंड्याची होती. फाळक्यांच्या तारामतीचे काम १९१३ साली अण्णा साळुंके यांनी केले, ते मुळात एका उपाहारगृहात आचारी होते. त्यांचाही रंग असाच चढला असेल काय, असे मनात येऊन मी छायाचित्रकारास खूण केली. तो बाहेर खाजे खात होता.

मध्यरात्री पालखीची प्रदक्षिणा झाली, आणि आडदशावतारास, म्हणजे मुख्य आख्यानाआधीच्या पूर्वरंगास, आरंभ झाला. गणपती येऊन गेला, सरस्वती येऊन गेली, आणि काळ्या पोशाखातला शंखासुर आला. येताच माझ्या पोटात गोळा उठला, कारण चालीवरून मी त्यास ओळखले. दुपारी ज्याला मी तीनदा मारू पाहिले होते तोच हा.

त्याने एका डोळ्यावर नारळाची करवंटी धरली होती. अंगात मासळीच्या जाळ्याचे, ठिकठिकाणी खिसे लोंबणारे काहीतरी होते; ते माझ्या अठरा खिशांच्या जॅकेटाचे प्रतिरूप आहे हे प्रेक्षकांनी माझ्या आधी ताडले. तो भटजींच्या भोवती ओणवा होऊन हिंडला, त्यांच्या नाकाशी करवंटी नेली, आणि ओरडला, "थांब! मगाशी बोललस तसाच परत बोल!" भटजी म्हणाले, "मी अजून काय बोलाकच नाय!" "मगे तसाच गप रव, पण जरा जुन्यासारखो गप रव!" मंडप कोसळावयाचा तेवढा राहिला. पुढे विष्णू आला आणि त्याने वेद परत मागितले. शंखासुराने दोन्ही हात वर केले. "वेद माझ्याकडे नाय ओ देवा. ते त्या शूटिंगवाल्यान डब्यात भरून मुंबैक न्हेल्यान. लाल खुर्चेर बसलोहा, तेका इचारा!" चारशे माना माझ्याकडे वळल्या. मी अठरापैकी एका खिशात काहीतरी शोधू लागलो. अखेर विष्णूने त्याचा वध केला, तो दाणकन पडला, मृदंग थांबला, आणि त्या शांततेत त्याने मान उचलून थेट माझ्याकडे पाहत अत्यंत अदबीने विचारले, "बरा मेलंय मा? काय परत मरू?"

त्या रात्रीच्या सात तासांच्या चित्रणातला तेवढाच प्रसंग जिवंत उतरला असता. पण छायाचित्रकार हसताना कॅमेरा हलला, ध्वनिमुद्रकाने कानावरची यंत्रे काढून टाळ्या वाजवल्या, आणि पहाटे दहीकाला फुटेपर्यंत त्या दोघांना माझ्याकडे पाहून काम करता येईना. माझ्या पुढे बसलेल्या एका चाकरमान्याच्या बारा वर्षांच्या पोराने मात्र सारा खेळ मोबाइलवर टिपला आणि परळच्या आजीस जागच्या जागी दाखवलाही. त्याचा हात अजिबात हलला नाही.

उजाडताना, 'रात्री राजा आणि सकाळी डोक्यावर बोजा' ही दशावताऱ्यांची जुनी म्हण टिपावी म्हणून मी इंद्रास ट्रंक डोक्यावर घेऊन शेताच्या बांधावरून चालत जाण्याची विनंती केली. "टेम्पो इलोहा," असे सांगून इंद्र पुढच्या गावास निघून गेला.

चार महिन्यांनी संकलित चित्रपट संस्थेस सादर केला. उत्तर लवकर आले. "आपल्या चित्रणावरून," त्यात लिहिले होते, "सदर परंपरा सुस्थितीत असल्याचे व तीस मोठ्या संख्येने प्रेक्षक लाभत असल्याचे निदर्शनास येते. सबब, लोपोन्मुख परंपरांच्या योजनेखाली दुसरा हप्ता अदा करता येत नाही." तळटीपेत 'लाल खुर्चीचे प्रयोजन स्पष्ट व्हावे' असा शेराही होता.

हे पत्र हातात धरून बसलो असताना मॅनेजरांचा फोन आला. मला वाटले, गावच्या वतीने समाचार घेत असतील. ते मोठ्या खुशीत होते. शंखासुराचा तो 'शूटिंगवालो' त्या रात्रीनंतर प्रत्येक जत्रेत करावा लागतो, तो नसेल तर लोक खेळ पुढे जाऊ देत नाहीत, आणि आता शेजारच्या दोन कंपन्यांनीही तो उचलला आहे, असे त्यांनी सांगितले. मग किंचित संकोचून ते म्हणाले, "सायबांनू, एक काम होता. तुमचा ता अठरा खिशांचा जॅकेट जरा धाडून देशात काय?"

"जाळ्याचे चालते की," मी म्हणालो.

"चालता ओ, पण लोकांका अस्सल होया."